हिरव्या पडद्यापुढचं हिरवं लुगडं

जावक क्र. १
एन-सात, सिडको, छत्रपती संभाजीनगर
३ नोव्हेंबर २०२५

शेख हबीब,
हबीब व्हिडिओ, छावणी, यांस

रविवार, दिनांक २ नोव्हेंबर २०२५, संध्याकाळचे सहा वाजून वीस मिनिटं. या वेळी माझ्याच दिवाणखान्यात, माझ्याच टीव्हीसमोर, सतरा माणसांच्या देखत माझी शोभा झाली. ती तुम्ही केलीत.

घटनाक्रम असा. १९९१ सालच्या डिसेंबरात छावणीतल्या आमच्या कॉन्व्हेंटचं वार्षिक संमेलन झालं. त्याला मी प्रमुख पाहुणी होते. शूटिंग तुम्हीच केलं होतं. त्याची कॅसेट मी २० ऑक्टोबरला तुमच्या दुकानात आणून दिली आणि सोबत लेखी चिठ्ठी दिली. २८ तारखेला कॅसेट आणि पेन ड्राइव्ह परत घेतला. तुमच्या मुलीने हसून सांगितलं, "मॅडम, टीव्ही के पीछे लगाओ, बस." मी पाचोडहून आईच्या माहेरची सगळी माणसं जेवायला बोलावली. जेवणं झाली. पेन ड्राइव्ह टीव्हीच्या मागे लावला. बस. पडद्यावर फाइलचं नाव आलं, ते दाबलं, आणि टीव्हीने लिहून दिलं की हा प्रकार इथे चालत नाही.

माझा मामेभाऊ साहेबराव सोफ्यावर पाय वर घेऊन बसला होता. म्हणाला, "रत्नाक्का, टीव्हीबी तुझ्यावानीच हाय बघ. आत्याला आत घ्यायला तयार नाय."

सतरा माणसं हसली. त्यांतली दोन लहान होती, त्यांना मी माफ केलं आहे.

या वाक्यामागे चौतीस वर्षं आहेत, ती तुम्हाला सांगणं भाग आहे. त्या संमेलनाच्या वेळी मी नुकतीच तहसीलदार झाले होते. माझी आई राजाबाई त्याच शाळेत चौदा वर्षं आया होती. साहेबराव तेव्हापासून प्रत्येक लग्नात, प्रत्येक बारशाला सांगत आला आहे की रत्नमाला साहेबीण झाली तेव्हा तिने आईला घरी कोंडून ठेवलं, बड्या लोकांसमोर आयाची लाज वाटली म्हणून. हे खोटं आहे. आई आली होती, आणि ती त्या कॅसेटमध्ये आहे. मी ती एकदाच पाहिली होती; व्हीसीआर होता तोवर साहेबरावच्या तोंडी लागले नाही, आणि तो बिघडून वीस वर्षं झाली, म्हणून दाखवता येत नव्हती. एवढ्यासाठी तुमची पायरी चढले.

काल रात्री तुमच्या दुकानात निरोप ठेवल्यावर तुमचे दोन फोन आले. मी घेतले नाहीत. फोनवरचं बोलणं कुठल्याही नस्तीला लावता येत नाही. जे सांगायचं ते कागदावर सांगा. पेन ड्राइव्ह सोबत जोडला आहे. लेखी खुलासा शुक्रवार, ७ नोव्हेंबर, संध्याकाळी पाचच्या आत माझ्या हाती पडावा.

रत्नमाला देवकाते
उपजिल्हाधिकारी (निवृत्त)

*

छावणी
६ नोव्हेंबर २०२५

बाईसाहेबांना हबीबचा आदाब.

तुमचं पत्र दुकानात सगळ्यांनी वाचलं. माहनूर रडली, मग हसली, मग म्हणाली, "अब्बा, इनकू तो वकील होना था." मी तिला सांगितलं, वकील त्यांच्यापुढे उभे राहायचे.

खुलासा करतो. मी आयुष्यभर कॅमेरा धरला, कॉम्प्युटर मुलीचा. तिने मला समजावलं ते माझ्या भाषेत लिहितो. फाइलच्या नावापुढे एमपी फोर लिहिलेलं असतं. आपल्याला वाटतं, ती फाइलची जात. तसं नाही. एमपी फोर हा नुसता डबा आहे. दहा घरचे डबे एकसारखे असतात. आत एकाकडे वरण, दुसऱ्याकडे खिमा. आतला माल कसा दाबून, घडी घालून भरला आहे, ती रीत वेगळी असते. त्यातली नवी रीत माहनूरने वापरली, तिला एच टू-सिक्स-फाइव्ह म्हणतात. ती कमी जागेत जास्त माल बसवते. तुमचा टीव्ही दहा-अकरा वर्षांचा. त्याने डबा ओळखला, म्हणून नाव दाखवलं. घडी उलगडायला त्याला कुणी शिकवलेलं नाही, म्हणून हात वर केले.

नवी रीत का वापरली, तर तुमची चिठ्ठी. ती जपून ठेवली आहे. तुम्ही लिहिलं आहे: "संपूर्ण तीन तासांची कॅसेट, एकही क्षण न कापता, सोबतच्याच पेन ड्राइव्हवर द्यावी. त्यावरील फोटो पुसू नयेत." पेन ड्राइव्ह चार जीबीचा, त्यावर तुमच्या बदल्यांच्या निरोपसमारंभांचे फोटो. उरलेली जागा अर्धा जीबी. माहनूर म्हणत होती, मॅडमला दुसरा मोठा देऊ. मी म्हणालो, नको, त्यावर त्यांचं नाव कोरलेलं आहे, तोच हवा असेल. हा माझा शहाणपणा.

आता जुन्या रीतीने करून त्याच पेन ड्राइव्हवर सोबत पाठवतो आहे. ही रीत तुमच्या टीव्हीला येते. तकलीफ झाली, माफी असावी.

शेख हबीब

*

जावक क्र. २
एन-सात, सिडको
१० नोव्हेंबर २०२५

शेख हबीब यांस

तुमचा खुलासा मुदतीत मिळाला. डब्याचं उदाहरण समजलं. चिठ्ठीतला मजकूर माझाच आहे, आणि मी लिहिलेलं नाकारत नाही.

आता दुसरी तक्रार. रविवार, ९ नोव्हेंबर, दुपारचे चार वाजून पाच मिनिटं. या खेपेला टीव्ही चालला. चित्र आलं, आवाज आला. मुलींचा नाच, सिस्टरचं स्वागत, हार, सगळं धुरकट, जणू काचेवर कुणी तूप फासलं आहे. मी म्हटलं, असू दे, जुनी कॅसेट आहे. मग माझं भाषण सुरू झालं. एक तास बारा मिनिटांनी तुम्ही कॅमेरा दाराकडे वळवला होता. ते मला पक्कं आठवत होतं. मी साहेबरावला म्हटलं, "आता बघ."

दारावर हिरवा पडदा होता. आईने त्या दिवशी हिरवं लुगडं नेसलं होतं, पोपटी नव्हे, गर्द. ती पडद्याला लागून उभी होती. तुमच्या फाइलीत पडदा आहे. लाकडी चौकट आहे. चौकटीला लावलेला कागदी झेंडूही आहे. आई नाही. तिच्या जागी हिरव्या ठोकळ्यांचा ढीग आहे आणि चेहऱ्याच्या ठिकाणी एक तपकिरी डाग.

साहेबराव टीव्हीच्या अगदी जवळ जाऊन उकिडवा बसला. डोळ्यांवर हात धरून, रानात मेंढरू हुडकावं तसा. "अक्का, पडदा लई झ्याक हाय. आत्या कुठं हाय?"

त्याची बायको तनुजा त्याच्यावर ओरडली, "गप बसा की आता!" तेव्हा मला जास्त लागलं. टोमणा मला सोसतो. कीव सोसत नाही.

हबीबमियाँ, माझी आई कोण होती ते ऐका. पाचोडच्या धनगराची लेक. लग्न होऊन आली ती मेंढरांमागे चालत. माझे वडील मुंजाबा गेले तेव्हा मी चार वर्षांची होते. मेंढरं दिरांनी नेली. आईने मला कडेवर घेतलं आणि छावणीत कॉन्व्हेंटच्या फाटकाशी जाऊन उभी राहिली. सिस्टरने विचारलं, काय येतं? आई म्हणाली, "राखायला येतं." सिस्टरला ते उत्तर आवडलं असावं. दुसऱ्या दिवसापासून सकाळी साडेसहाला फाटक उघडणं तिच्याकडे आलं, आणि मला वर्गात जागा मिळाली. मी आजही जे धड इंग्रजी बोलते, ते त्या फाटकामुळे. अशा बाईची तुमच्या यंत्राने पडद्यात घडी घालून टाकली.

पेन ड्राइव्ह पुन्हा सोबत जोडला आहे. एवढी ठसठशीत बाई जागच्या जागी नाहीशी कशी होते, आणि ती परत कधी मिळणार, याचं लेखी उत्तर शनिवार, १५ नोव्हेंबर, दुपारी बारापर्यंत द्यावं.

रत्नमाला देवकाते

*

छावणी
१४ नोव्हेंबर २०२५

बाईसाहेब,

उत्तर द्यायला बसलो तर तीन कागद फाडले. चूक कबूल करणं लिहिताना जड जातं. आधी कारण सांगतो.

तुम्ही महसुलात होता, म्हणून शेतातलं उदाहरण देतो. सिल्लोडला आमची तीन एकर जमीन आहे, भाऊ मका करतो. एका साली तलाठी बांधावर आलाच नाही. चावडीत बसून मागच्या साली जे होतं ते बघितलं आणि पीकपाहणीत लिहिलं, वरीलप्रमाणे. मागच्या साली आमची जमीन पड होती. मका डोक्याच्या वर गेला होता आणि सातबाऱ्यावर पड.

व्हिडिओ दाबणारं यंत्र हा तोच तलाठी आहे. सेकंदाला पंचवीस चित्रं असतात. सगळी पूर्ण लिहायची तर जागा पुरत नाही. म्हणून ते एक चित्र पूर्ण लिहितं आणि पुढच्या चित्रांत फक्त काय बदललं तेवढं लिहितं. बाकीचं वरीलप्रमाणे. जो नाचतो, चालतो, हात हलवतो, त्याची नोंद होते. जो एका जागी उभा असतो, तो वरीलप्रमाणे. शिवाय पूर्ण लिहायच्या चित्रातही जवळजवळचे रंग ते एकाच खात्यात टाकतं. जागा भरपूर दिली तर यंत्र इमानदार आहे, बांधाबांधावर फिरतं. जागा कमी दिली की चावडीत बसतं. आपण तीन तासांना अर्धा जीबी दिला. गर्द हिरव्यापुढे गर्द हिरवं, उजेड कमी, आणि आई एका जागी उभी. यंत्राने लिहिलं, पडदा, वरीलप्रमाणे.

आता माझी चूक. जुनी रीत जागा जास्त खाते. तेवढ्याच जागेत बसवायचं म्हणजे आणखी दाबायचं. आणि तुमची मुदत शुक्रवारची होती, म्हणून माहनूरने कॅसेट तुमच्याकडून मागवून नव्याने न करता आधीच्या दाबलेल्या फाइलवरूनच दुसरी केली. म्हणजे नकलेची नक्कल. तलाठ्याच्या नोंदीवरून दुसऱ्या तलाठ्याने नोंद केली, शेतात कुणीच गेलं नाही. मी शेजारी बसून चहा पीत होतो आणि हो म्हणालो. मुलीचा दोष नाही. उस्तादाने हो म्हटलं तर शागिर्द काय करणार?

कॅसेटवरून आधी जी मोठी फाइल उतरवली होती, ती तुम्ही माल घेऊन गेल्यावर आम्ही पुसली. सगळीच दुकानं पुसतात, एकेक चाळीस जीबीची असते. पण घाबरू नका. कॅसेट तुमच्याकडे आहे. ती पाठवा. या वेळी जागेची अट घालू नका आणि, गुस्सा करू नका, मुदतही घालू नका. आई जशी उभी होती तशी उतरवून देतो.

शेख हबीब

*

एन-सात, सिडको
१७ नोव्हेंबर २०२५

हबीबमियाँ,

कॅसेट नाही.

तुमच्या दुकानातून आणली त्याच्या दुसऱ्याच दिवशी मी कपाट आवरलं. जुनी मासिकं, बंद पडलेला रेडिओ, त्या सगळ्यासोबत ती रद्दीवाल्याला दिली. माझ्याकडे काम करणारी सरूबाई म्हणाली, "बाई, ही आईची हाय ना?" मी म्हटलं, "आई आता पेन ड्राइव्हमध्ये आहे." पेन ड्राइव्ह लावूनही पाहिला नव्हता. तीस वर्षं मी हाताखालच्या माणसांना सांगत आले की मूळ कागद नष्ट करण्याआधी नक्कल तपासा. दोघांना यावरून कारणे दाखवा नोटीस दिली होती. त्यांची नावं मला परवापासून सारखी आठवताहेत.

रद्दीच्या गोदामात तीनदा जाऊन आले. तिथला माणूस सखाराम भला आहे. त्याने पोती उपसून दाखवली. म्हणाला, "बाई, प्लास्टिक त्याच दिवशी जातं." तिसऱ्या वेळी त्याने मला बसायला स्टूल दिलं.

तुमच्याकडून आता काही येणं नाही. चूक निम्मी तुमची होती, उरलेली माझी, आणि माझी निम्मी मोठी आहे.

एक गोष्ट मी आजवर कुणाला सांगितली नाही. तुमच्या यंत्राने आईला पुसलं म्हणून मी एवढी का चिडले, ते मलाच या आठवड्यात कळलं. संमेलनाच्या दिवशी पहिल्या ओळीत आईसाठी खुर्ची ठेवली होती, हे खरं. मी तिला म्हटलं, "आई, पुढे बस." ती म्हणाली, "नको, मी हितंच बरी." आणि जाऊन दारात उभी राहिली, जिथे ती चौदा वर्षं उभी राहायची तिथे. चेहरा घट्ट. भाषण संपल्यावर चहाला न थांबता घरी गेली. मला वाटलं, रागावली. ती जाईपर्यंत बारा वर्षं एका घरात काढली, पण मी विचारलं नाही आणि तिने सांगितलं नाही.

मी तिला एकदाच म्हटलं, हबीबमियाँ. दुसऱ्यांदा म्हटलं नाही. साहेबराव खोटं बोलतो. पण तो जेवढं खोटं बोलतो असं मी सांगते, तेवढं नाही.

या पत्राला उत्तराची मुदत नाही.

रत्नमाला देवकाते

*

छावणी
२ डिसेंबर २०२५

बाईसाहेब,

पंधरा दिवस गप्प राहिलो. तुम्हाला वाटलं असेल, हबीब सुटला. सुटलो नाही, सिल्लोडला गेलो होतो.

आमच्या धंद्याची एक जुनी रीत तुम्हाला ठाऊक नसणार. गिऱ्हाइकाला जी कॅसेट देत होतो ती नक्कल असायची. कॅमेऱ्यात फिरलेली मूळ टेप आम्ही कधी देत नव्हतो. दोन-तीन सालांनी त्याच टेपवर दुसऱ्याचं लग्न घ्यायचो. टेप महाग होती. शेकडो लग्नं अशी एकमेकांवर चढली. पण काही टेप मी फिरवल्या नाहीत. का, ते पुढे लिहितो. दुकान लहान केलं तेव्हा त्या पत्र्याच्या पेटीत घालून भावाकडे ठेवल्या. पेटीवर सोळा सालांपासून मक्याची पोती होती. पोती हलवायला दोन दिवस, टेप शोधायला एक. पट्टीवर माझ्या अक्षरात लिहिलेलं सापडलं: १४-१२-९१, कॉन्व्हेंट, दारवाली अम्मा.

टेपला बुरशी होती. माहनूरने हाताने फिरवून फिरवून पुसली, वीत वीत. चार रात्री लागल्या. व्हीसीआर धुळ्याच्या एका दोस्ताकडून आणला, आमच्याचं टेप वाचणारं डोकं झिजलं होतं. मग उतरवली.

ही टेप मी का फिरवली नाही? त्या दिवशी मी नवा होतो. सिस्टरने बजावलं होतं, कॅमेरा स्टेजवरच ठेवायचा. हॉलमध्ये माझी तिपाई ठेवायला जागा मिळेना, सगळे म्हणत, इथे नको. तुमच्या आईने मला दाराजवळची आपली जागा दिली आणि स्वतः पडद्याला चिकटून उभी राहिली. मी म्हणालो, "अम्मा, तुम्ही तर आज पाहुण्यांची आई. पुढे खुर्ची आहे ना?" ती मला काय म्हणाली ते शब्दाला शब्द सांगतो, मी विसरलो नाही.

"पुढं बसले तर पोरगी माझ्याकडंच बघंल आन् भाषण इसरंल. आठ दिस झालं घोकायली. हितं मी तिला दिसत नाय, ती मला दिसती."

मग तुमचं भाषण सुरू झालं. माझी नजर तिच्याकडे गेली आणि मी सिस्टरचं बजावणं मोडून कॅमेरा फिरवला. काय दिसलं म्हणून फिरवला, ते लिहीत नाही. तुम्ही पंचनामे केले आहेत, हाही तुम्हीच करा. एक तास बारा मिनिटं. आवाज मोठा ठेवा आणि तोंडाकडे बघा.

सोबत हार्ड डिस्क आहे, तीही टीव्हीच्या मागेच लागते. त्यात दोन फाइल आहेत. मोठी चाळीस जीबीची, ती टीव्हीवर लावायची नाही, फक्त जपायची. तीच आता तुमचा मूळ कागद. तिची एक प्रत माझ्याकडे ठेवली आहे, एक तुम्ही दुसऱ्या घरी ठेवा. लहान आहे ती साडेपाच जीबीची, तुमच्या टीव्हीला समजेल अशी. ती बघायची. कुणाला फोनवर पाठवलीत तर फोन ती परत दाबेल, म्हणून त्या नकलेला खरी मानू नका. कोरलेल्या नावाचा पेन ड्राइव्ह परत करतो आहे. फोटो एकही पुसलेला नाही.

शेख हबीब

*

जावक क्र. ३
एन-सात, सिडको
८ डिसेंबर २०२५

हबीबमियाँ यांस

शनिवार, ६ डिसेंबर, सकाळचे अकरा वाजून चाळीस मिनिटं. पंचनामा करणारी एकटी मी. पंच म्हणून सरूबाई, तिला हात पुसून खुर्चीवर बसवलं.

पडदा हिरवा. लुगडं हिरवं. दोन्ही वेगळे. पडद्याला उभ्या चुण्या, लुगड्याला काठ, आणि काठावर ती सुरकुती जी आई पदर घट्ट आवळायची तेव्हा पडायची. कपाळावर गोंदण. मी चौतीस वर्षं जो चेहरा रागाचा समजत होते, तो होता. घट्ट, भुवया जवळ आलेल्या. आणि ओठ हलत होते.

आधी वाटलं, देवाचं काही म्हणते आहे. मग आवाज मोठा केला. माझं इंग्रजी भाषण हॉलभर घुमत होतं आणि आईचे ओठ त्याच्याबरोबर चालत होते. शब्दाला शब्द. माझ्या आईला सही करता येत नव्हती. "गुड मॉर्निंग सिस्टर" यापलीकडे इंग्रजी नव्हतं. मी आठ संध्याकाळी स्वयंपाकघरात येरझाऱ्या घालत भाषण घोकलं होतं, ती खाली बसून तूर निवडत होती. एकदाही मान वर केली नव्हती.

सरूबाई म्हणाली, "बाई, ह्या तर संगं संगं म्हणायल्यात." पंचाची साक्ष नोंदवली आहे.

आता जे तुम्ही लिहिलं नाही ते मी लिहिते, कारण तुम्हाला ते अर्धंच कळलं असणार. मधे मी थांबते. आवाजात काही नाही, फक्त पाण्याचा पेला टेबलावर टेकल्याचा आवाज. लोकांना वाटलं, पाहुणीला तहान लागली. मला तहान लागली नव्हती. तिथे एक वाक्य होतं. घोकलेलं, पाठ असलेलं. इंग्रजीत होतं, त्याचा अर्थ असा: ज्या फाटकातून मी या शाळेत आले, ते रोज सकाळी माझी आई उघडत असे. शेजारी जिल्ह्यातली बडी मंडळी बसली होती. मी पाणी प्यायले आणि ते वाक्य गिळलं.

आईने गिळलं नाही. मी गप्प आहे आणि दारात तिचे ओठ चालू आहेत. पूर्ण वाक्य, शेवटच्या शब्दापर्यंत. मग तिच्या लक्षात आलं की आपण एकटेच पुढे आलो. ती थांबली. मान किंचित पुढे काढून स्टेजकडे पाहिलं, जशी मेंढरू मागे राहिल्यावर धनगर वळून पाहतो. मी पुढचं वाक्य सुरू केलं तेव्हा तिने मला बरोबर गाठलं, आणि शेवटपर्यंत सोडलं नाही. त्या वाक्याचा अर्थ तिला ठाऊक होता की नाही, हे मला कधीच कळणार नाही. पण मी जे बोलले नाही, ते त्या हॉलमध्ये बोललं गेलं होतं. ज्या तोंडाने ते म्हटलं, त्या तोंडाला इंग्रजी येत नव्हतं.

ती रागावली नव्हती. ती कामावर होती. राखत होती.

काल, रविवारी, पाचोडची मंडळी परत बोलावली. साहेबराव यायला तयार नव्हता, तनुजाने आणला. या वेळी मी काही बोलले नाही, नुसतं लावलं. एक तास बारा मिनिटं झाली. तो आधी मागे रेलून होता. मग पुढे सरकला. मग गुडघ्यांवर टीव्हीपाशी गेला आणि टोपी काढून हातात घेतली.

"अक्का," तो म्हणाला, "आत्या इंग्रजी बोलायलीय की गं!"

"व्हय," मी म्हटलं. त्याच्याशी त्याच्याच बोलीत बोलायला मला पन्नास वर्षांत पहिल्यांदा बरं वाटलं.

"समदं?"

"समदं. माझ्यापेक्षा एक वाक्य जास्त."

ते वाक्य कुठलं, हे त्याला सांगितलं. पाणी प्यायल्याचंही सांगितलं. मला वाटलं होतं, आता हा पुढची चौतीस वर्षं हेच गात फिरेल. तो बराच वेळ टोपीची घडी घालत राहिला. मग म्हणाला, "पुन्हा लाव. पोरांना बघू दे." काल आम्ही ते सात वेळा पाहिलं. कालपासून तो फोनवर सिल्लोडपासून पैठणपर्यंत सांगत सुटला आहे की त्याची आत्या इंग्रजीत भाषण द्यायची. हेही पूर्ण खरं नाही. या खेपेला मी खुलासा मागणार नाही.

तुमच्या दुकानाविरुद्धच्या माझ्या दोन्ही तक्रारी निकाली काढल्या आहेत. माहनूरला सांगा, वीत वीत टेप पुसणारी मुलगी माझ्या कचेरीत असती तर मी तिला बदली दिली नसती.

आता शेवटचा मुद्दा. येत्या रविवारी, १४ डिसेंबरला, संध्याकाळी पाच वाजता माझ्या घरी हीच फाइल पुन्हा लागणार आहे. त्या दिवसाला चौतीस वर्षं पुरी होतात. शाळेतल्या दोन वृद्ध सिस्टर येणार आहेत, गोदामातला सखाराम येणार आहे, सरूबाई आणि पाचोडचे सगळे आहेतच. भाषणात पाण्याच्या पेल्याचा आवाज येईल तेव्हा मी उभी राहणार आहे आणि राहिलेलं वाक्य म्हणणार आहे, आधी मराठीत, मग इंग्रजीत, आईच्या ओठांबरोबर.

तुम्ही आणि माहनूर यायचं. पहिल्या ओळीत मधल्या दोन खुर्च्या तुमच्या. तुम्ही म्हणाल, नको बाईसाहेब, आम्ही दाराजवळच बरे. म्हणून आत्ताच दुसऱ्यांदा लिहून ठेवते: पुढे बसायचं. पुढे बसायचं.

येणार असल्याचं लेखी उत्तर शुक्रवार, १२ डिसेंबर, संध्याकाळी पाच वाजण्याच्या आत माझ्या हाती पडावं. फोन घेतला जाणार नाही.

रत्नमाला राजाबाई देवकाते